तीन विरुद्ध एक

११ जानेवारी

आज घरात कागदांचे दोन गठ्ठे आले. एक स्वल्पविरामने आणून दिला, दुसरा आम्ही दोघांनी इस्पितळातून आणला.

स्वल्पविराम म्हणजे माझा जुना विद्यार्थी. पहिल्याच वर्षी त्याने माझी छापील टिपणं घरी नेली आणि त्यातले स्वल्पविराम लाल शाईने दुरुस्त करून परत आणली, तेव्हापासून सगळे त्याला हेच म्हणतात. आता पन्नाशी उलटली, टक्कल पडलं, प्रकाशकाकडे प्रुफं तपासतो. माझं 'हात वर करण्यापूर्वी' हे पुस्तक चाळीस वर्षांनी पुन्हा निघतंय. म्हणाला, सर, नवीन पोरांना वाचायचंय. मी वरवर 'कशाला उगाच' म्हटलं, पण आतून गुदगुल्या झाल्या, खोटं का बोला.

दुसरा गठ्ठा हिच्या तपासण्यांचा. चार वर्षांपूर्वीचा आजार परत आलाय, या वेळी यकृतात. डॉक्टरबाईंनी दोन वाटा सांगितल्या. दर तीन आठवड्यांनी सलाईनमधून औषध, असे सहा वेळा. त्याने सहा महिने, कदाचित वर्षभर मिळेल, कदाचित काहीच मिळणार नाही. किंवा ते न घेता फक्त दुखणं आवरायच्या गोळ्या. मी प्रश्नांची यादीच नेली होती, चौथ्या प्रश्नावर आलो तोवर ही उठली, पर्स खांद्याला लावली आणि दारात उभी राहून म्हणाली, "नको." मग मला म्हणाली, चला, बस चुकेल.

मी डॉक्टरबाईंना म्हटलं, आम्ही विचार करून कळवतो.

घरी आल्यावर हिने चहा केला, माझ्या कपात साखर जास्त पडली म्हणून हळहळली. माझ्या डोक्यात अशी तिडीक गेली होती की चहा तसाच ठेवला.

१४ जानेवारी

तीन दिवस समजावतोय. पन्नास वर्षं व्याख्यानं देऊन पोट भरलं, पण या बाईपुढे माझं काही चालत नाही.

तिचं म्हणणं असं. मागच्या वेळी ते औषध घेतलं तेव्हा तोंड सोलून निघालं होतं, बोटं बधिर झाली होती, वर्षभर पेन धरता आलं नव्हतं. आता तिला तसं नकोय. एकतीस वर्षं पाणीपुरवठा खात्यात जमिनीखालच्या नळांचे नकाशे काढले. निवृत्त झाल्यापासून आमच्या गल्लीतल्या एकेका घराचा दर्शनी भाग काढतेय, मापात, खिडक्यांच्या गजांसकट. एकोणीस झालीत, सात राहिलीत. तेवढी पुरी होईपर्यंत हात सरळ चालला पाहिजे, जिभेला चव असली पाहिजे, बास.

मी म्हटलं, घरं काय पळून जातायत का? बरी झालीस की काढ.

त्यावर ती माझ्याकडे बघून हसली आणि भाजी चिरायला गेली. हे मला मुळीच आवडत नाही. वाद घालायचा तर समोर बसून घालावा.

१६ जानेवारी

थोरल्याशी फोनवर बोललो. तो पूल बांधतो, सध्या चार तासांवरच्या गावी नदीत खांब उभे करतोय. ऐकून म्हणाला, बाबा, यात विचार काय करायचा, औषध सुरू करा. धाकटी इथेच बालवाडीत शिकवते. संध्याकाळी आली, आईजवळ बसली, जाताना जिन्यात मला म्हणाली, मला काहीच कळत नाहीये. साहजिक आहे, तिचा जीव आईत अडकलेला.

शेवटी ठरवलं, रविवारी घरसभा घ्यायची.

या वहीत पूर्वी लिहिलं असेल, तरी पुन्हा लिहितो, कारण मला त्याचा अभिमान आहे. धाकटी सहा वर्षांची झाली तेव्हा मी घरात रविवारची सभा सुरू केली. कारखान्यात लोकशाही मागायची आणि घरात बापाची हुकूमशाही चालवायची, हे मला पटेना. सुट्टीत कुठे जायचं, कुत्रा पाळायचा का, भिंतींना कुठला रंग, सगळं ठरावाने. चौघांना एकेक मत, सहा वर्षांच्या पोरीलाही. इतिवृत्त ही लिहायची, कारण अक्षर हिचं चांगलं. अध्यक्षपद फिरतं असावं असा नियम मीच केला होता, ते फिरायचं मात्र राहून गेलं.

समतेवर सहा पुस्तकं लिहिली. ही मला 'अहो' म्हणते आणि मी हिला 'अगं', यावर एक ओळ लिहिली नाही, हे ती अधूनमधून पाहुण्यांसमोर ऐकवते. तेवढा टोमणा मी सहन करतो.

१९ जानेवारी, रविवार

सभा झाली. थोरला सकाळच्या गाडीने आला. बारा वर्षांनी चौघं त्याच टेबलाला बसलो. इतिवृत्ताची वही कपाटाच्या वरच्या खणात सापडली, हिनेच धूळ झटकली, नवीन पान काढलं, तारीख घातली. विषय एकच.

मी सूचक, थोरला अनुमोदक. थोरला आकडेवारी घेऊन आला होता, चांगलं बोलला. मी म्हणालो, हा एकटीचा प्रश्न नाही, या टेबलावरच्या चौघांचं आयुष्य याला बांधलेलं आहे. मग हिला बोलायला सांगितलं. ती म्हणाली, माझं सांगून झालंय, नव्याने काही नाही.

मतदान घेतलं. माझा हात, थोरल्याचा हात. धाकटीने आईकडे पाहिलं, मग हात खांद्यापर्यंत उचलला. मी तो मोजला. विरोधात एक.

हिने लिहिलं, 'ठराव मंजूर. तीन विरुद्ध एक.' नकाशावर लिहितात तशा उभ्या, सुट्या अक्षरात. खाली रेघ मारली आणि विचारलं, पुढचा विषय?

पुढचा विषय नव्हता. मग तिनेच सगळ्यांना जेवायला वाढलं.

मला हलकं वाटतंय. हिने किती खिलाडूपणे घेतलं. रडारड नाही, रुसवा नाही. मी सहज विचारलं, नक्की ना? तर म्हणाली, या घरातला ठराव मी कधी मोडलाय का? खरंच, कधीच नाही. स्वतःविरुद्ध गेलेला निकाल असा मान ताठ ठेवून स्वीकारणारी माणसं मी पक्षातसुद्धा फार पाहिली नाहीत.

३ फेब्रुवारी

पहिली फेरी. सकाळी आठला गेलो. लांबट खोली, खिडकीला लागून नऊ आरामखुर्च्या, प्रत्येक खुर्चीला एक लोखंडी दांडा आणि पिशवी. नर्सला हिची शीर सापडेना, चौथ्यांदा सापडली. ही तिला म्हणाली, रस्ता खोदताना आमचीही पाइपलाइन नकाशावर असायची तिथे कधीच सापडायची नाही. नर्स खूप हसली.

पाच तास होते म्हणून प्रुफं नेली होती. सहावं प्रकरण आज पुरं केलं, ओतकामाच्या कारखान्याचं. त्यावरच सगळं पुस्तक उभं आहे. मालक पळून गेल्यावर तो कारखाना बेचाळीस कामगारांनी स्वतः चालवायला घेतला होता. मी तेव्हा सत्तावीस वर्षांचा, तीन महिने त्यांच्यात राहिलो. जुन्या भट्टीचा पत्रा पातळ झाला होता. ती बंद ठेवली तर मागणी पुरी होत नव्हती. सभा भरली, जुन्या भट्टीवर कोण उभं राहणार यावर मतदान झालं, सगळ्यात अनुभवी माणसाचं नाव आलं. एकेचाळीस विरुद्ध एक. तो एक तो स्वतःच. निकाल मान्य करून तो कामावर गेला आणि अकराव्या दिवशी पत्रा फुटला.

कारखाना सरकारचा झाला म्हणून कामगाराचा होत नाही, हे तेव्हा सगळेच म्हणत होते. मी त्यापुढचं म्हटलं. कामगारांचा झाला तरी तो त्या एकाचा होतोच असं नाही. ज्या निर्णयाचा भार एकाच अंगावर पडणार, तिथे बाकीच्यांचे हात खाली राहिले पाहिजेत. यावरून पक्षाने मला व्यक्तिवादी ठरवलं आणि विद्यापीठाने त्याच वर्षी संपाच्या बाजूने बोललो म्हणून दोन वर्षं निलंबित केलं. डावे-उजवे दोघंही एकाच वेळी माझ्यावर नाराज, असा योग क्वचित येतो. त्या दोन वर्षांत घर हिच्या नोकरीवर चाललं आणि पुस्तकही हिनेच टाइप केलं.

स्वल्पविरामने समासात पेन्सिलीने विचारलंय, 'सर, हे उदाहरण आजच्या वाचकाला जवळचं वाटेल का? एखादं घरगुती उदाहरण जोडता येईल?' काय जोडणार? घरात कुठे भट्ट्या असतात? मी लिहिलं, 'गरज नाही.' दोन वाक्यं मात्र फार लांब होती, ती तोडली.

मान वर केली तर ही माझ्याकडेच बघत होती. कुठलं प्रकरण, म्हणाली. सांगितलं. तिने डोळे मिटून घेतले. थकली असावी.

१२ फेब्रुवारी

तोंड आलंय. पाणीसुद्धा बोचतं. सूप गार करून चमच्याने देतो, चार चमचे झाले की मान फिरवते. मी तिला 'अजून एकच' म्हणतो, तसं धाकटीला म्हणायचो.

काल दुपारी विसाव्या घराला बसली होती, कोपऱ्यावरच्या शिंप्याच्या. रेघ दोनदा सुटली. तिने कागद फाडला नाही, काही नाही. पेनं एकेक पुसून डबीत भरली आणि डबी माझ्या टेबलावर आणून ठेवली. तुम्हाला प्रुफांना उपयोगी पडतील, म्हणाली. खरंच छान पेनं आहेत, बारीक टोकाची.

२५ फेब्रुवारी

काल दुसरी फेरी झाली. आज सकाळी धाकटीचा फोन. बालवाडीच्या मधल्या सुट्टीतून करत होती, मागे पोरांचा गलका. म्हणाली, "बाबा, त्या दिवशी मी हात वर केला नव्हता. मी करू की नको बघत होते. मी खाली घेणार होते, तोवर तुम्ही मोजलात."

मी म्हटलं, मग तेव्हाच का नाही बोललीस? म्हणाली, तुम्ही पुढे गेलात.

तिला शांत करायला मी समजावलं की तुझं मत वगळलं तरी दोन विरुद्ध एक होतात, ठराव तसाही मंजूर. आणि तू विरोधात गेली असतीस तर दोन-दोन, मग अध्यक्षाचं निर्णायक मत. म्हणजे कुठल्याही मार्गाने निकाल तोच, तेव्हा तू मनाला लावून घेऊ नकोस.

मग तिने फोन ठेवला. मला वाटलं होतं तिला बरं वाटेल.

दिवसभर हे गणित डोक्यातून जात नाहीये. कसंही मांडलं तरी तेच उत्तर येतं. मग आम्ही सभा कशाला घेतली?

८ मार्च

चार दिवस लिहायला फुरसत नव्हती. ताप चढला, एकशे तीनवर गेला, रुग्णवाहिका बोलवावी लागली. औषधाने रक्तातल्या पांढऱ्या पेशी खाल्ल्या, छातीत जंतू शिरले. तिसऱ्या मजल्यावर एकटीची खोली दिलीय. आत जाताना तोंडाला फडकं बांधायचं, हात धुवायचे. खिडकीतून समोरच्या इमारतीची मागची बाजू दिसते, नुसते नळ. ही म्हणाली, बघा, नोकरी काही सुटत नाही.

दुपारी ताप उतरला तेव्हा जरा बोलली. बोलताना धाप लागत होती. मी म्हणालो, तुला इतकं नको होतं तर तू तेव्हा ठामपणे सांगायचं होतंस.

"सांगितलं की. डॉक्टरांच्या दारातच सांगितलं. तुम्ही त्याचा ठराव केलात."

मी म्हटलं, पण सभेत तू बोलली असतीस तर.

"इतकी वर्षं त्या वहीत लिहितेय. माझ्या नावासमोर 'विरोधात' किती वेळा आहे, कधी मोजलंत?" थोडी थांबली. "तुम्ही मतं घेता हो. मला कुणी विचारत नाही. यापुढे काही असलं तर आधी मला विचारा. एकटीला."

तोंडात मारल्यासारखं झालं. तिचा आवाज चढलासुद्धा नव्हता. रागावली असती तर मी काहीतरी बोललो असतो.

मी तिचा हात धरला आणि कबूल केलं. मग घाईघाईने म्हणालो, उद्याच धाकटीला बोलावतो, थोरल्याला फोनवर घेतो, तो ठराव रीतसर मागे घेऊ. यावर ती हसायला लागली. खोकला येईपर्यंत हसली. मागे घ्यायलाही सभाच का, म्हणाली. नर्स धावत आली आणि मला बाहेर काढलं.

बाहेर बाकावर बसून मी घडलेलं परत परत आठवत होतो. मागे घ्यायला सभा लागत नाही तर काय लागतं, हे मला आत्ता या क्षणीही नीट सांगता येत नाही. इतकी पुस्तकं लिहिलेला माणूस मी.

११ मार्च

डॉक्टरबाईंना सांगितलं, पुढच्या फेऱ्या नकोत, तिला घरी न्यायचंय, ती घरं काढायला बसते त्या खिडकीशी. त्या सौम्यपणे म्हणाल्या, फेऱ्यांचा आता प्रश्नच नाही, आधी छाती सुधारू दे, अशा अवस्थेत कसं नेणार? त्यांचं बरोबर आहे. सगळ्यांचंच बरोबर आहे.

दुपारी स्वल्पविरामला फोन केला. म्हटलं, सहावं प्रकरण काढून टाक. तो घाबरला. सर, त्याच्याशिवाय पुस्तकात राहतं काय? मी म्हटलं, मग पुस्तक थांबव, ते लिहिणारा माणूस मी नव्हे. मग चाचरत म्हणाला, सर, परवाच छापायला गेलंय, अर्धं छापून झालंसुद्धा. प्रस्तावना तेवढी राहिलीय, तुमचीच वाट बघतोय.

प्रस्तावना लिहायला बसलो. 'या पुस्तकाचा लेखक' एवढंच लिहून झालं.

१६ मार्च

रात्रीपासून श्वास खालावला म्हणून त्यांनी तिला गुंगीचं औषध दिलंय. सकाळी अकराला डॉक्टरबाई आल्या. म्हणाल्या, घशातून नळी घालून यंत्रावर ठेवलं तर छातीला विसावा मिळेल, चार-आठ दिवसांत बाहेर येईलही. किंवा यायचीच नाही. चार वाजेपर्यंत सांगा, तुमचा निर्णय.

थोरल्याला फोन केला. नळी घाला, म्हणाला, मी निघालोच. धाकटी बाहेर बाकावर बसली होती. ती म्हणाली, नका घालू बाबा, आईला नका छळू. मग दोघंही थांबले. एकाने फोन कानाला लावलेला, एक समोर. एकास एक. दोघंही माझ्या तोंडाकडे बघतायत असं वाटलं.

मी म्हणालो, मी तिला विचारतो.

धाकटी म्हणाली, बाबा, ती झोपेत आहे. मी म्हटलं, मला ठाऊक आहे. मी कबूल केलंय तिला.

आत आलो, फडकं बांधलं, हात धुतले, खुर्ची जवळ ओढली. दोन वाजता विचारलं. कानाशी वाकून, सरळ शब्दांत, आडवळण न घेता. अडीचला पुन्हा. तिच्या पापण्या हलल्या असं वाटलं, पण त्या मघाशीही हलत होत्या. मला उत्तर माहीत नाही असं नाही. माहीत असलेलं उत्तर स्वतःच्या तोंडाने डॉक्टरांना जाऊन सांगायचं, एवढंच करायचं आहे. पाय उचलत नाहीत. तिच्याशिवाय घरी मी कुठल्या खोलीत बसणार, हे डोळ्यांसमोर येतं आणि मी पुन्हा तिलाच विचारायला लागतो.

चारला दहा कमी आहेत. वही इथेच ठेवतो.

१७ मार्च

काल चार वाजता डॉक्टरबाई आल्या, काय ठरलं विचारलं. मी म्हणालो, अजून तिने सांगितलं नाही. त्यांनी माझ्याकडे पाहिलं, यंत्रावरच्या आकड्याकडे पाहिलं, म्हणाल्या, आता थांबता येणार नाही, तुमची हरकत नाही ना? मी गप्प राहिलो. सभेत जो गप्प राहतो त्याची संमती धरतात, हे मुलांना मीच शिकवलं होतं. नर्सने मला खांद्याला धरून बाहेर नेलं. अर्ध्या तासाने नळी बसली होती.

थोरला संध्याकाळी पोचला. माझ्या पाठीवर हात ठेवून म्हणाला, बरं केलंत. धाकटी माझ्याशी बोलत नाही. भिंतीकडे तोंड करून बसते.

आज सकाळी नऊला मला आत सोडलं. हिची दोन्ही मनगटं पलंगाच्या दांड्यांना बांधली होती. मी नर्सवर ओरडलो. ती बिचारी नवीन होती, म्हणाली, काका, जाग आली की माणूस पहिल्यांदा नळीच ओढतो, म्हणून बांधतात. मऊ पट्टी आहे, लागत नाही. मी पट्टीखालून बोट घालून बघितलं. खरंच मऊ होती.

साडेदहाला तिने डोळे उघडले. पूर्ण शुद्धीवर होती. छत बघितलं, यंत्र बघितलं, बांधलेले हात बघितले. मग मला बघितलं. नळी असल्यावर आवाज निघत नाही.

नर्सला मी बाहेर जायला सांगितलं. खोलीत आम्ही दोघंच राहिलो. खाली वाकून मी तिला विचारलं, हे तुला हवं होतं का?

ती माझ्याकडे बघत राहिली. खूप वेळ बघत राहिली.